संसार दोघांचा, मग उतारा एकाचाच का?

गृहिणींना पगार द्यावा का, हा वाद आपल्याकडे दर काही वर्षांनी पेटतो आणि दर वेळी त्याच जागी येऊन विझतो. २०२० च्या अखेरीस कमल हासन यांच्या पक्षाने तमिळनाडूत गृहिणींना मानधन देण्याचं आश्वासन दिलं तेव्हा तो पेटला होता. २०२५ च्या फेब्रुवारीत केंद्र सरकारची वेळेच्या वापराची पाहणी प्रसिद्ध झाली तेव्हा पुन्हा पेटला. एक बाजू हिशेब मांडते. स्वयंपाकाचे इतके, धुण्याभांड्यांचे इतके, मुलांच्या अभ्यासाचे इतके, सासऱ्यांच्या आजारपणाचे इतके, अशी बेरीज करत ती नवऱ्याच्या पगाराच्या वर जाऊन थांबते. दुसरी बाजू दुखावली जाते. आईच्या हातच्या भाकरीला आता दर लावणार का, असं ती विचारते. दोन दिवस हे चालतं आणि कोणाच्याही घरात काहीही बदलत नाही. माझ्या मते दोन्ही बाजू चुकीच्या प्रश्नावर भांडत आहेत. लग्नानंतर त्या घरात जे जे उभं राहतं, म्हणजे फ्लॅट, शेत, ठेवी, दुकान, त्याची मालकी कोणाची, हा खरा प्रश्न आहे. आणि त्याचं उत्तर एकच असू शकतं: दोघांची, निम्मी निम्मी. घटस्फोट होईपर्यंत किंवा नवरा जाईपर्यंत वाट न बघता, संसार चालू असताना, कायद्याने.

पाहणीचे आकडे नीट पाहायला हवेत. २०२४ मध्ये घरकाम करणाऱ्या बाईची दिवसाला सरासरी २८९ मिनिटं त्यात गेली आणि घरकाम करणाऱ्या पुरुषाची ८८. २०१९ मध्ये हेच आकडे २९९ आणि ९७ होते. बायकांची दहा मिनिटं कमी झाली, पण ती पुरुषांनी उचलली म्हणून नाही. त्यांचीही नऊ मिनिटं घटलीच. शिवाय पुरुषांचा आकडा फक्त घरकामाला हात लावणाऱ्यांचा आहे, आणि २०१९ च्या पाहणीत असे पुरुष शंभरात सव्वीस होते. या आकड्यांवरून लोक लगेच विचारतात की या मिनिटांचा भाव काय. मला विचारावंसं वाटतं की या जवळजवळ पाच तासांमुळे दुसऱ्या कोणाचे किती तास मोकळे झाले, त्या मोकळ्या तासांत काय कमावलं गेलं आणि त्या कमाईवर नाव कोणाचं लागलं.

डोंबिवलीहून सकाळची लोकल पकडून रात्री नऊला घरी येणारा माणूस घ्या. त्याचं हे जाणं-येणं वीस वर्षं निभतं, कारण मागे कोणीतरी डबा भरतं, मुलाला शाळेत पोहोचवतं, सिलिंडर आला की दार उघडतं, सासऱ्यांना दवाखान्यात नेऊन तिथे ताटकळत बसतं. गृहकर्जाचा हप्ता त्याच्या पगारातून जातो हे खरं. पण पाळणाघर, स्वयंपाकाच्या बाई, रात्रीची आया यांवर पैसे गेले नाहीत, म्हणून तो हप्ता परवडला हेही तितकंच खरं. वीस वर्षांनी कर्ज फिटतं आणि करारनाम्यावर एकट्या त्याचं नाव असतं. आजच्या कायद्याप्रमाणे तो फ्लॅट त्याचा. हिंदू विवाह कायद्यात लग्नातून तयार होणाऱ्या सामाईक मालमत्तेची कल्पनाच नाही; ज्याच्या नावावर, त्याची. तिला पोटगी मागता येते. २००५ च्या कौटुंबिक हिंसाचारविरोधी कायद्याखाली त्या घरात राहण्याचा हक्क मागता येतो. नवरा मृत्युपत्र न करता गेला, तर मुलांच्या आणि सासूच्या बरोबरीने वारस म्हणून एक हिस्सा मिळतो. मृत्युपत्र करून त्याने सगळं पुतण्याला दिलं, तर तोही नाही. थोडक्यात, तिला राहायला मिळेल, खायला मिळेल, पण मालकी मिळणार नाही. हे हक्क मिळवायलाही मोठा लढा द्यावा लागला, त्यांना मी कमी लेखत नाही. पण सांभाळलं जाण्याचा हक्क वेगळा आणि मालक असण्याचा हक्क वेगळा. पहिला आश्रिताला मिळतो.

आणि घरकामाची किंमत करताच येत नाही, असं आपली न्यायालयं तरी कुठे म्हणतात? जमशेदपूरला १९८९ साली लागलेल्या आगीच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने २००१ मध्ये मृत गृहिणींच्या कामाचं मोल महिना ३००० रुपये धरलं. २०१० मध्ये याच न्यायालयाने, जनगणनेत गृहिणींना भिकारी आणि कैद्यांच्या रांगेत 'अनुत्पादक' म्हणून बसवल्याबद्दल खडसावलं. ५ जानेवारी २०२१ च्या 'कीर्ती विरुद्ध ओरिएंटल इन्शुरन्स' निकालात न्यायमूर्ती एन. व्ही. रमणा यांनी २०११ च्या जनगणनेकडे बोट दाखवलं: घरकाम हाच मुख्य व्यवसाय सांगणाऱ्या स्त्रिया जवळपास १६ कोटी, पुरुष ५८ लाखांच्या आसपास. हे निकाल मोलाचे आहेत. पण ते सगळे नुकसानभरपाईचे आहेत. बाई ट्रकखाली गेली की तिच्या कामाचा हिशेब रुपयांत होतो आणि विमा कंपनी तो चुकता करते. ती जिवंत असेपर्यंत त्याच कामाचं नाव माया. मेल्यावर जे मोजता येतं ते जिवंतपणी का मोजता येऊ नये, याचं समाधानकारक उत्तर मला आजवर कोणी दिलेलं नाही.

मुंबईच्या गिरणगावाने तर हा प्रश्न फार पूर्वी सोडवून दाखवला होता. कोकणातून, घाटावरून एकटे आलेले गिरणी कामगार खानावळीत जेवत. त्या खानावळी चालवणाऱ्या बायका दहा बाय बाराच्या खोलीत वीस-पंचवीस जणांच्या पोळ्या लाटत. १९७५ मध्ये प्रेमाताई पुरव यांनी अन्नपूर्णा महिला मंडळ उभं केलं, सावकाराच्या विळख्यातल्या या बायकांना बँकेची कर्जं मिळवून दिली, आणि हा व्यवसाय आहे हे बँकांनी मान्य केलं. आता त्याच खोलीत बघा. त्याच परातीतली कणीक, तोच स्टोव्ह, तीच बाई. पहिल्या वीस पोळ्या पैसे देऊन जेवणाऱ्यांच्या, म्हणून त्या धंदा. पुढच्या सहा नवऱ्याच्या आणि मुलांच्या, म्हणून ते 'काही नाही, घरीच असते'. पोळीत फरक नव्हता, कष्टात नव्हता. फरक होता तो खाणाऱ्याशी असलेल्या नात्यात. नातं जवळचं असलं की कष्ट नाहीसे होतात, असं आपण खरंच मानतो का?

इथे कोणी म्हणेल की मग बायकांनी घराबाहेर पडून कमवावं, प्रश्न आपोआप सुटेल. शहरी सुशिक्षितांना हे उत्तर फार पटतं. त्यांनी मराठवाड्यातल्या ऊसतोडीकडे पाहावं. तिथे मजुरीचं एकक आहे 'कोयता', आणि एक कोयता म्हणजे नवरा-बायकोची जोडी. दिवाळीच्या आधी मुकादम उचल, म्हणजे आगाऊ रक्कम, देतो ती जोडीला मिळून, आणि ती बहुतेक वेळा नवऱ्याच्या हातात पडते. फडात बाई ऊस तोडते, मोळ्या बांधते, डोक्यावर वाहून गाडी भरते. त्याआधी पहाटे उठून तिने भाकऱ्या थापलेल्या असतात आणि कोपीवर, म्हणजे मुक्कामाच्या झोपडीत, परतल्यावर पुन्हा चूल पेटवायची असते. बीड जिल्ह्यातल्या ऊसतोड बायकांच्या गर्भाशयाच्या शस्त्रक्रियांचा विषय २०१९ मध्ये राज्यभर गाजला. पाळीच्या दिवसांत खाडा होऊन कापली जाणारी मजुरी हे त्याच्या मुळाशी असलेल्या कारणांपैकी एक. ही बाई बाहेर पडलेली आहे, कमावते आहे, आणि तरी तिच्या कमाईला स्वतंत्र नाव नाही. लग्नाच्या चौकटीत बाईची मजुरीसुद्धा नवऱ्याच्या खात्यात विरघळत असेल, तर केवळ 'बाहेर पडा' म्हणून भागणार नाही. चौकटीतच तिची मालकी लिहावी लागेल.

पगाराच्या कल्पनेविरुद्धचे दोन आक्षेप मला पूर्ण मान्य आहेत. पहिला स्त्रीवादी बायकांनीच घेतलेला आहे: घरकामाचा पगार सुरू झाला की 'आता पैसे मिळतात ना, मग कर' म्हणत ते काम कायमचं बाईच्या गळ्यात पडेल, पुरुषांची ८८ मिनिटं शून्यावर येतील. दुसरा आक्षेप व्यवहाराचा. पगार देणार कोण? नवऱ्याने दिला तर तो मालक आणि ती नोकर. सरकारने दिला तर ती लाभार्थी. 'लाडकी बहीण' योजनेतून २०२४ पासून बायकांच्या खात्यात महिना १५०० रुपये येऊ लागले. त्या पैशाला हिणवणाऱ्यांशी मी सहमत नाही. स्वतःच्या नावावरच्या खात्यातून कोणाला न विचारता औषध आणता येणं ही मोठी गोष्ट आहे. पण ती रक्कम तिच्या कामाचा मोबदला नाही, तिजोरीतलं साहाय्य आहे. निकष बदलले की यादीतून नाव जातं. आणि तिच्या श्रमावर जी मालमत्ता उभी राहिली, ती त्या योजनेनंतरही होती तिथेच, होती त्याच्याच नावावर राहते.

सगळ्यात वजनदार आक्षेप मात्र पुरुषांचा आहे आणि तो गंभीरपणे ऐकला पाहिजे. 'मी काय मजा करतो का?' लोकलच्या दारात लटकणारा, कर्जाच्या काळजीने रात्र रात्र जागणारा, बहिणीच्या लग्नापासून वडिलांच्या ऑपरेशनपर्यंत सगळ्यांची अपेक्षा ज्याच्याकडे लागलेली आहे, त्याला 'तू बायकोला राबवतोस' असं ऐकवणं अन्यायाचं आहे. विदर्भात, मराठवाड्यात कर्जाखाली दबून जीव देणारे शेतकरी बहुतेक पुरुषच आहेत, हेही विसरून चालणार नाही. कमावण्याची सक्ती हीसुद्धा परंपरेनेच पुरुषावर लादलेली भूमिका आहे. म्हणूनच मी पगाराची भाषा करत नाही. पगारात एक देणारा आणि एक घेणारा असतो. भागीदारीत दोघेही घालणारे असतात: एकाने वीस वर्षं पगार घातला, दुसरीने वीस वर्षं दिवस घातले. कोणाचे कष्ट जास्त, हे ठरवण्याची गरजच उरत नाही. भागीदार आजारी पडला म्हणून त्याचा हिस्सा बुडत नाही, मग बाळंतपणात नोकरी सोडलेल्या बाईचा का बुडावा?

हे सगळं कल्पनेतलं वाटत असेल तर बांद्याच्या पुढे जाऊन पाहावं. गोव्यात १८६७ ची पोर्तुगीज दिवाणी संहिता १८७० मध्ये लागू झाली, १९६१ च्या मुक्तीनंतरही तिच्यातला कौटुंबिक कायदा राहिला, आणि तिथे लग्नाआधी वेगळा करार केला नसेल तर नवरा-बायको मालमत्तेचे निम्म्या-निम्म्या हिश्शाने मालक होतात. हिंदू, ख्रिस्ती, मुसलमान, सगळे. घर किंवा जमीन विकायची तर दोघांची संमती लागते. भारताच्या आयकर खात्यालाही हे ठाऊक आहे: १९६१ च्या आयकर कायद्यात खास या जोडप्यांसाठी कलम ५-अ घातलं गेलं, ज्यानुसार पगार सोडून त्यांचं बाकीचं उत्पन्न नवरा-बायकोत समान वाटून त्यावर कर लागतो. सावंतवाडीची मुलगी म्हापशात दिली तर कायद्याने अर्ध्या संसाराची मालकीण. म्हापशाची मुलगी सावंतवाडीत लग्न करून इथेच राहिली तर तिच्या नावावर काय? एक नदी ओलांडली म्हणून बाईच्या वीस वर्षांची किंमत बदलावी, हे कशात बसतं?

गोव्याचे मी गोडवे गात नाही. त्या संहितेने मालमत्तेचा कारभार नवऱ्याच्या हातात दिला. हिंदूंसाठी राखलेल्या जुन्या रूढींमध्ये काही अटींवर दुसऱ्या लग्नाला वाव होता, तो डाग आहेच. आणि कायद्याने अर्धी मालकीण असलेली गोव्याची बाईही रोज संध्याकाळी हुमण, म्हणजे माशाची आमटी, तीच रांधते; घरकामाची वाटणी कुठल्याही संहितेने होत नाही. पण विकायच्या कागदावर तिची सही लागते, आणि सही मागायला कोणाला तरी तिच्यासमोर येऊन बसावं लागतं, तिला सांगावं लागतं, ती 'थांबा' म्हणू शकते. दारूपायी किंवा सट्ट्यापायी नवरा राहतं घर गहाण टाकून येतो आणि बायकोला बँकेची नोटीस दारावर चिकटल्यावर कळतं, असं ज्या गावांत घडतं तिथल्या बायकांना या एका सहीचं मोल समजावून सांगावं लागत नाही.

मग ज्यांच्याकडे वाटायला काहीच नाही त्यांचं काय? हा प्रश्न मला सर्वात जास्त अस्वस्थ करतो. दोन खोल्या भाड्याच्या, शेत तारण, वर सोसायटीचं कर्ज. अर्ध्याची मालकीण म्हणजे अर्ध्या कर्जाची धनीण. हे खरं आहे, आणि म्हणून तिची सही नसलेलं कर्ज तिच्यावर लादता येणार नाही, हे कायद्यात लिहिलंच पाहिजे. पण गरिबाच्या घरात मालकीला अर्थ नसतो, असं म्हणणाऱ्यांनी शेतकरी संघटनेचा इतिहास आठवावा. १९८६ मध्ये चांदवडला शरद जोशींनी शेतकरी महिलांचं अधिवेशन भरवलं आणि पुढे 'लक्ष्मीमुक्ती'ची हाक दिली: शेतकऱ्याने आपल्या जमिनीचा काही भाग बायकोच्या नावावर करावा. ज्या चळवळीची सारी मांडणी घामाला दाम मिळत नाही या एका अन्यायावर उभी होती, तिने स्वतःच्या माजघरात डोकावून पाहिलं आणि मान्य केलं की ज्याला बाजाराने लुटलं तो शेतकरीही आपल्या घरच्या लक्ष्मीचं देणं लागतो. बरेच कोरडवाहू शेतकरी सातबाऱ्यावर बायकोचं नाव लावायला तयार झाले, कोणत्याही कायद्याची सक्ती नसताना. ग्रामपंचायतीच्या नमुना आठवर, म्हणजे घरांच्या नोंदवहीत, घर दोघांच्या नावावर लावण्याच्या मोहिमाही आपल्याच राज्यात झाल्या. गरीब घरांना हे कळत नाही, असा समज करून घेण्याचा अधिकार शहरातल्यांना कोणी दिला?

'अशाने घरं मोडतील' हा शेवटचा आणि सर्वात जुना आक्षेप. हिंदू कोड बिलाच्या वेळी हेच म्हटलं गेलं. मुलींना वाटा दिला तर भावा-बहिणीचं नातं तुटेल, जमिनीचे तुकडे पडतील, कुटुंबसंस्था कोसळेल, असा तो गदारोळ होता, आणि बिल रखडलं म्हणून बाबासाहेबांनी १९५१ मध्ये मंत्रिपद सोडलं. पाच वर्षांनी त्यातला वारशाचा बराचसा भाग वारसा कायदा म्हणून आला, कुटुंबसंस्था कोसळली नाही. १९९४ मध्ये महाराष्ट्राने केंद्राची वाट न पाहता वारसा कायद्यात दुरुस्ती केली आणि मुलींना वडिलोपार्जित मालमत्तेत मुलाच्या बरोबरीने हक्क दिला. दिल्लीला तिथे पोहोचायला २००५ उजाडलं. तेव्हाही आक्षेप हेच होते. हक्कसोड पत्रावर आजही असंख्य बहिणी सही करून देतात, कायदा सगळं करत नाही, हे मला ठाऊक आहे. पण नातं टिकवण्याची किंमत दर वेळी एकाच बाजूने का मोजावी? जे घर बायको अर्धी मालक झाल्याने मोडेल, ते आज कशाच्या जोरावर उभं आहे?

गैरवापराची भीती मात्र नियमांनी दूर करता येते. चार महिन्यांच्या लग्नातून कोणी कोणाचं घर लाटू नये, म्हणून हक्क फक्त लग्नानंतर कमावलेल्या मालमत्तेवर असावा. वारशाने आलेलं आणि लग्नाआधीचं ज्याचं त्याचं राहावं. गोव्याच्या नियमापेक्षा हे मर्यादित आहे, आणि मुद्दाम आहे. ज्यांना भागीदारी नको त्यांनी लग्नाआधी नोंदणीकृत करार करून बाहेर पडावं. नियम दोघांना सारखा असावा: बायको कमावती आणि नवरा घर सांभाळणारा असेल, तर अर्धा वाटा त्याचाही. राज्यसभेने २०१३ मध्ये मंजूर केलेल्या विवाह कायदा दुरुस्ती विधेयकात पत्नीला घटस्फोटाच्या वेळी वाटा द्यायची तरतूद होती. ते लोकसभेत पोहोचून मंजूर होण्याआधीच लोकसभेची मुदत संपली. मद्रास उच्च न्यायालयाने २०२३ मध्ये एका प्रकरणात, नवरा सौदी अरेबियात कमावत असताना गावी घर चालवणाऱ्या बायकोचा मालमत्तेत समान वाटा मान्य केला. तो एका न्यायालयाचा निकाल आहे; नाशिकच्या किंवा लातूरच्या बाईला तो दाखवून उपनिबंधकाकडे नाव लावून घेता येत नाही.

विवाह आणि वारसा हे विषय राज्यघटनेच्या समवर्ती सूचीत आहेत. म्हणजे १९९४ प्रमाणे आजही महाराष्ट्र विधिमंडळ स्वतःचा कायदा करू शकतं. केंद्राच्या कायद्याशी विरोध आला तर राष्ट्रपतींची संमती घ्यावी लागेल, त्याला वेळ लागेल. तोवर करण्यासारखंही बरंच आहे. २०२१ पासून राज्यात बाईच्या नावावर घर घेतलं तर मुद्रांक शुल्कात एक टक्का सवलत मिळते, पण ती खरेदीदार फक्त स्त्रिया असल्या तरच. नवरा-बायकोने मिळून दोघांच्या नावावर घर घेतलं तर नाही. ही सवलत जोडप्यांच्या संयुक्त खरेदीलाही लागू करायला विधानसभेत मतदान लागत नाही, राजपत्रातला एक आदेश पुरतो, आणि तो काढणं मंत्रालयाच्या हातात आहे.